हीमॅन दर भागात तसाच का धावायचा? – लू शायमर आणि फिल्मेशन

निळासावळा (धागाकर्ता)

दूरदर्शनवर हीमॅन हे अमेरिकी कार्टून पाहिलेल्यांना हे नक्की आठवत असेल. हीमॅन कॅमेऱ्याकडे धावत येतो, मूठ उगारतो, आणि ही धाव मागच्या भागात होती तशीच्या तशी असते. तोच कोन, तीच मूठ. तलवार उंचावून रूप पालटण्याचा प्रसंग एकच असणार हे समजू शकतो, पण खलनायक स्केलेटरचं हसणं, टीलाचं वळून बघणं, बॅटल कॅट या वाघाची झेप हेही ठरलेलं. स्वस्तातला माल म्हणून आपण सोडून देतो. स्वस्तातला होताच. पण तो स्वस्त का ठेवला होता हे बघायला गेलं की ते बनवणाऱ्या लू शायमर नावाच्या माणसाची अख्खी कारकीर्द समोर येते. मला तरी ती हीमॅनपेक्षा रंजक वाटते, म्हणून हा धागा.

शायमरचा जन्म १९२८चा, पिट्सबर्गचा. तिथल्याच कार्नेगी टेकमधून चित्रकला शिकून १९५२ला बाहेर पडला आणि लॉस एंजेलिसला जाऊन मिळेल त्या अ‍ॅनिमेशन स्टुडिओत काम करू लागला. त्यातल्या एका ठिकाणी, लॅरी हार्मनकडे (बोझो विदूषकाची कार्टून बनवणारे), त्याला हॅल सदरलँड भेटला. पुढे नॉर्म प्रेस्कॉट हा बॉस्टनचा रेडिओवाला येऊन मिळाला. या तिघांचा स्टुडिओ म्हणजे फिल्मेशन. सदरलँड दिग्दर्शन बघणार, प्रेस्कॉट विकणार, शायमर स्टुडिओ चालवणार, अशी साधारण वाटणी.

सुरुवातीला त्यांच्याकडे काहीच नव्हतं. १९६२ला ओझच्या जादूगाराच्या कथेवर एक पूर्ण लांबीचा चित्रपट सुरू केला, लायझा मिनेलीचा आवाज वगैरे घेऊन, आणि पैसे संपले. तो चित्रपट अमेरिकेत लागायला १९७४ उजाडलं! मधल्या काळात जाहिराती, किरकोळ कामं. १९६५च्या सुमारास सुपरमॅनच्या मालिकेचं काम मिळण्याची शक्यता निर्माण झाली, तर कॉमिक्स कंपनीला आधी स्टुडिओ बघायचा होता. स्टुडिओत टेबलं होती, माणसं नव्हती. शायमरने ओळखीपाळखीचे लोक आणून टेबलांवर बसवले, हातात पेन्सिली दिल्या आणि "कामात आहेत" असं दाखवलं. हा किस्सा तो स्वतःच हसत हसत सांगायचा. काम मिळालं. सप्टेंबर १९६६ला सीबीएसवर सुपरमॅन सुरू झाला आणि गाजला.

पुढची यादी भराभर देतो. १९६८ला आर्ची. त्यातल्या कार्टून बँडचं 'शुगर शुगर' १९६९ला बिलबोर्डच्या यादीत पहिलं आलं, म्हणजे अस्तित्वातच नसलेल्या गायकांनी खऱ्या गायकांना मागे टाकलं. १९७२ला बिल कॉस्बी या विनोदी नटाचं फॅट अल्बर्ट. १९७३ला स्टार ट्रेकचं कार्टून. मग टारझन, फ्लॅश गॉर्डन, आणि १९८३ला हीमॅन. १९८५ला शीरा (हीमॅनच्या बहिणीची मालिका). १९८९ला स्टुडिओला कुलूप.

आता मुद्दा. अमेरिकेत तेव्हा मुलांची कार्टून म्हणजे शनिवार सकाळ. वाहिनी वसंत ऋतूत ऑर्डर देणार, साधारण सोळा-सतरा भागांची, आणि माल सप्टेंबरला हवा. म्हणजे उन्हाळाभर स्टुडिओत रात्रंदिवस काम आणि हंगाम संपला की चित्रकार घरी. साखर कारखान्याच्या हंगामी कामगारासारखीच गत. निर्मात्याचं खरं काम या चक्रात स्टुडिओ जिवंत ठेवण्याचं. बाकी स्टुडिओंनी यावर एक उपाय शोधला: कथा, स्टोरीबोर्ड, आवाज अमेरिकेत करायचे आणि प्रत्यक्ष चित्रं काढायला तैवान, कोरिया, जपानला पाठवायची. हॅना-बार्बेराने केलं, बाकीच्यांनीही केलं. लॉस एंजेलिसच्या अ‍ॅनिमेशन कामगार संघटनेने याच प्रश्नावर १९७९ आणि १९८२ला संप केले. पहिला जिंकली, दुसरा हरली.

शायमर मात्र अडून बसला. चित्रं इथेच काढायची, आपल्याच माणसांनी. आता हे परवडायचं कसं? तर एकदा काढलेलं चित्र टाकायचंच नाही. फिल्मेशनमध्ये प्रत्येक पात्राच्या हालचालींचा साठा असे. धावणं, चालणं, उडी, वळणं, बोलण्याचे जवळून घेतलेले चेहरे. नव्या भागात जिथे जमेल तिथे साठ्यातलं वापरायचं, पार्श्वभूमी बदलायची. हीमॅनच्या चालण्या-धावण्यासाठी तर खऱ्या पिळदार माणसाचं चित्रीकरण करून त्यावरून रेषा काढल्या होत्या. ते महागडं काम, पण एकदाच करायचं. त्यामुळेच हीमॅनच्या काही हालचाली विलक्षण जिवंत दिसतात आणि पुढच्याच क्षणी सगळे पुतळ्यासारखे उभे राहून नुसते ओठ हलवतात.

आकडा बघा. एक भाग साधारण २२ मिनिटांचा, म्हणजे १३२० सेकंद. सेकंदाला २४ चौकटी, एक चित्र दोन चौकटींना धरलं तरी सेकंदाला १२. म्हणजे एका भागाला १५,८४० चित्रं, तेही पडद्यावर एकच पात्र हलतंय असं धरून. हीमॅनचे पहिल्या वर्षाचे भाग ६५. गुणाकार केला तर दहा लाखांच्या वर. साठा नसता तर हे एका शहरातल्या एका स्टुडिओत झालंच नसतं.

आणि ६५च का? कारण शनिवारवाल्या वाहिन्यांनी हीमॅन घेतलाच नाही. मग तो सिंडिकेशनने, म्हणजे देशभरातल्या सुट्या स्थानिक वाहिन्यांना थेट विकला. आठवड्याचे पाच दिवस, तेरा आठवडे: ६५. दुसऱ्या हप्त्यात आणखी ६५. शीराचे ९३. एवढी मोठी ऑर्डर म्हणजे शनिवारचं हंगामी चक्र तुटलं आणि चित्रकारांना वर्षभर काम मिळालं. माझ्या मते शायमरचं सगळ्यात मोठं कर्तृत्व हे आहे. तलवारवाला बाप्या त्यानंतर.

---

कांदेपोहे

मस्त धागा! आमच्या वाड्यात "बाय द पॉवर ऑफ ग्रेस्कल" म्हणून पट्टी वर करायची आणि मग ती पट्टी पाठीत बसायची (आईकडून). लिओ-मॅटेलचे पुतळे मिळायचे तेव्हा, पण आमच्या बजेटबाहेर. ऑर्को कुणाला आठवतो का? लाल झगा, तोंड नाही, नुसते डोळे. तो माझा आवडता.

---

निळासावळा

@कांदेपोहे, ऑर्कोचा आवाज खुद्द शायमरचा! श्रेयनामावलीत नाव 'एरिक गंडन' असं यायचं. मुलगी एरिका, आणि वडिलांचं मूळ आडनाव गुंडेनशायमर, त्या दोन्हींतून जुळवलेलं. संगीताच्या श्रेयात जे 'एरिका लेन' दिसतं, तेही मुलगी एरिका आणि मुलगा लेन मिळून.

आवाजांचीही काटकसरच. स्केलेटर, मॅन-अ‍ॅट-आर्म्स, क्रिंजर आणि बॅटल कॅट हे सगळे अ‍ॅलन ओपनहायमर. टीला, ईव्हिल-लिन आणि सॉर्सरेस या तिघी लिंडा गॅरी. चार-पाच जण माइकपुढे उभे राहून अख्खं इटर्निया चालवत.

---

तिरकस_सावंत

लेखन छान, पण जरा जास्तच आरती ओवाळताय. हीमॅन ही मॅटेल कंपनीच्या खेळण्यांची जाहिरात होती. १९८२ला खेळणी आली, १९८३ला मालिका. आधी बाहुली, मग गोष्ट. दर दोन भागांनी एक नवं पात्र का यायचं? दुकानात ते विकायला ठेवलेलं असायचं म्हणून.

गंमत म्हणजे याच मॅटेलच्या हॉट व्हील्स गाड्यांवर १९६९ला एबीसीवर कार्टून आलं होतं. दुसऱ्या एका खेळणीवाल्याने तक्रार केली आणि अमेरिकेच्या एफसीसीने (प्रसारणावर देखरेख ठेवणारी सरकारी संस्था) ते कार्टून म्हणजे अर्ध्या तासाची जाहिरातच आहे असं ठरवलं. रेगनच्या काळात मार्क फाउलर एफसीसीचा अध्यक्ष झाला आणि ही बंधनं सैल झाली. हीमॅन त्या सैल झालेल्या दारातून आत आला. पेगी चॅरेन या बाईंची 'अ‍ॅक्शन फॉर चिल्ड्रन्स टेलिव्हिजन' ही संघटना याविरुद्ध वर्षानुवर्षं भांडली. शेवटी १९९०ला कायदा झाला, पण तोवर ऐंशीचं दशक खेळणीवाल्यांनी खाऊन टाकलं होतं. चित्रकारांना काम मिळालं हे खरं, पण कोणाच्या जिवावर? आठ वर्षांच्या पोरांच्या हट्टावर.

---

विदुला_न

+१ सावंत. आणि ते शेवटचं बोधामृत! भाग संपल्यावर हीमॅन येऊन "आजच्या गोष्टीतून आपण शिकलो की..." मला लहानपणीही ते राग आणायचं. आपल्या शक्तिमानमध्ये 'छोटी छोटी मगर मोटी बातें' होतं, अगदी तोच साचा.

---

निळासावळा

@तिरकस_सावंत, जाहिरात होती, मान्य. मॅटेलचा पैसा त्यात होता हेही उघड आहे. पण तुम्ही म्हणता त्याच टीकेला तोंड द्यायला ते बोधामृत होतं. फिल्मेशनला ही सवय फॅट अल्बर्टपासूनची. तेव्हा त्यांनी यूसीएलएचे शिक्षणतज्ज्ञ गॉर्डन बेरी यांना सल्लागार नेमलं होतं आणि प्रत्येक कथा त्यांच्या नजरेखालून जायची. हीमॅनसाठी स्टॅनफर्डचे डोनाल्ड रॉबर्ट्स. दिखावा म्हणा हवं तर, पण पटकथेवर त्याचा परिणाम दिसतो. हीमॅन तलवारीने कोणाला कापत नाही, चक्क ठोसाही मारत नाही. तोडफोड करायची ती यंत्रमानवांची. माणसाला उचलायचं आणि चिखलात टाकायचं. एवढा पिळदार गडी आणि एकंदरीत धोबीपछाडावर भागवतो! ऐंशीच्या दशकातल्या बाकी खेळणी-कार्टूनांत बंदुकींचा किती सुळसुळाट होता ते आठवा.

---

रेघोट्या

नमस्कार. बरेच दिवस वाचनमात्र होते, या धाग्याने लिहायला लावलं. मी मुंबईत टूडी अ‍ॅनिमेशनमध्ये आहे, सुरुवात इन-बिटवीनर (दोन मुख्य चित्रांमधली चित्रं काढणारी) म्हणून, आता लेआउट (शॉटची मांडणी) आणि थोडं दिग्दर्शन.

आधी साठ्याबद्दल. धागाकर्त्यांनी लिहिलंय ते वाचायला सोपं वाटतं, पण साठ्यातलं चित्र वापरणं हेही कसबाचं काम आहे. पात्र डावीकडून उजवीकडे धावतंय आणि पुढच्या शॉटमध्ये तुम्हाला ते उजवीकडून हवंय, तर सेल (चित्र काढलेली पारदर्शक फिल्म) उलटी करून चालत नाही, कारण तलवार दुसऱ्या हातात जाते. आकार जुळला पाहिजे, पार्श्वभूमीचं पर्स्पेक्टिव्ह जुळलं पाहिजे. दिग्दर्शकाने स्टोरीबोर्डच्या वेळीच 'इथे साठा क्रमांक अमुक' असं डोक्यात ठेवून शॉट रचावा लागतो. एक्स-शीटवर प्रत्येक चौकटीला कुठलं चित्र, कुठला ओठ, ते लिहून द्यायचं. वाईट दिग्दर्शकाच्या हातात साठा लगेच ओळखू येतो. चांगला असेल तर पाच सेकंद तरी कळत नाही.

आणि आज आम्ही सगळे तेच करतो. छोटा भीम, मोटू-पतलू बघा. संगणकावर पात्राचा एकदा रिग (हवा तसा हलवता येणारा सांगाडा) बनवला की हात, पाय, डोळे, ओठ सगळं लायब्ररीत. रोजच्या वाहिनीला शेकडो भाग हवे असतील तर दुसरा मार्ग नाही. शायमरने कागदावर आणि सेलवर जे केलं ते आता एका क्लिकवर होतं, इतकाच फरक. त्याला हसणाऱ्यांनी आपल्या मुलांचा टीव्ही पंधरा मिनिटं नीट बघावा.

पण मला खरं बोलायचंय ते दुसऱ्याच मुद्द्यावर. "काम बाहेर पाठवलं नाही" हे वाचून सगळ्यांना भरून येतं. मी त्या 'बाहेर'मधली आहे. माझी पहिली नोकरी, माझ्या बॅचच्या अर्ध्याअधिक जणांच्या नोकऱ्या, परदेशी मालिकांच्या आउटसोर्स कामावर उभ्या राहिल्या. त्रिवेंद्रमचं टून्झ, हैदराबादचं डीक्यू, मुंबईचं क्रेस्ट, हे सगळं त्याच कामावर वाढलं. सगळे निर्माते शायमरसारखे असते तर मी काय केलं असतं? बहुधा शाळेत चित्रकला शिकवली असती.

---

तिरकस_सावंत

@रेघोट्या, हा कोन आवडला. आता धागाकर्त्यांना एक गुगली: १९८१चं फिल्मेशनचं झोरो कुठे बनलं? टोकियोत, टीएमएस स्टुडिओत. म्हणजे तत्त्व वगैरे गरजेपुरतं.

---

निळासावळा

बरोबर, झोरो जपानला गेला होता. त्यांच्या सगळ्या पसाऱ्यात तोच ठळक अपवाद, आणि त्यानंतर दोनच वर्षांनी हीमॅनचा डोंगर शायमरने परत घरीच उचलला. म्हणून मी त्याला तत्त्व न म्हणता हट्ट म्हणेन. हट्टात कधीतरी तडजोड होते.

@रेघोट्या, तुमच्या मुद्द्याला माझ्याकडे सरळ उत्तर नाही. पिट्सबर्गच्या माणसाने लॉस एंजेलिसच्या शेजाऱ्याचा विचार केला, तुमचा नाही. त्याने तो करायला हवा होता असं म्हणता येईल का? आणि बाहेर जे जायचं त्यात डोक्याचं काम किती जायचं?

---

रेघोट्या

डोक्याचं काम जात नाही, हेच तर दुखणं. कथा त्यांची, पात्रं त्यांची, की-पोझही (हालचालीतली मुख्य चित्रं) बऱ्याचदा त्यांच्याच. आपण मधल्या रेघा भरतो. मी एका ठिकाणी होते तिथे तर आमची नावं शेवटच्या श्रेयनामावलीतही येत नसत, नुसतं स्टुडिओचं नाव. आईला मालिका दाखवली तर ती विचारायची, "तुझं नाव कुठंय?" शायमरच्या हट्टाचा हा भाग मला पटतो. त्याच्याकडे लेखक, लेआउटवाले, रंगवाले आणि संकलक एकाच इमारतीत होते. इन-बिटवीन करणारी पोरं जिना चढून वर जायची आणि स्टोरीबोर्ड बघायची. शिकायचं असेल तर ते लागतं. आमच्याकडे ईमेलवर पीडीएफ यायची.

---

आजोबा_ठाणेकर

चर्चा वाचून मजा आली. मी या क्षेत्रातला नाही, पण फिल्म्स डिव्हिजनमध्ये नोकरीला असलेला एक नातेवाईक होता, त्यामुळे पेडर रोडला जाणं-येणं असायचं. तिथे कार्टून विभाग १९५६च्या सुमारास सुरू झाला तेव्हा डिस्नेचे क्लेअर वीक्स शिकवायला आले होते. त्यांच्या हाताखाली जी मुलं तयार झाली त्यात राम मोहन. पुढे ते प्रसाद प्रॉडक्शन्समध्ये गेले, १९७२ला मुंबईत स्वतःचा स्टुडिओ काढला, आणि पोट भरण्यासाठी वर्षानुवर्षं जाहिराती केल्या. मुलांसाठीचं त्यांचं मोठं काम म्हणजे युनिसेफची 'मीना'. मुलगी, तिचा भाऊ राजू आणि मिठू पोपट. मुलींचं शिक्षण, हुंडा, ताटातला वाटा असे विषय, आणि ती बांगलादेश, नेपाळ, पाकिस्तान, भारत सगळीकडे चालली. २०१४ला त्यांना पद्मश्री मिळाली, २०१९ला ते गेले.

मला म्हणायचंय ते असं की आपल्याकडे शायमर का झाला नाही? कलावंत होते. पण शनिवार सकाळ नव्हती. एकच दूरदर्शन, आणि त्यांना कार्टून विकत घ्यायला पैसे नव्हते किंवा इच्छा नव्हती. ऑर्डर देणारा असल्याशिवाय निर्माता जन्माला येत नाही. 'एक अनेक और एकता' सगळ्यांना तोंडपाठ आहे (१९७४, विजया मुळे आणि भीमसेन), पण ती काही मिनिटांची एकच फिल्म. तिचे ६५ भाग करा म्हणून कुणी सांगितलं नाही.

---

कांदेपोहे

आजोबा, "हिंद देश के निवासी" डोक्यात सुरू झालं ना आता. दिवस गेला माझा.

---

वॉर्प_नऊ

स्टार ट्रेकबद्दल धागाकर्त्यांनी एका ओळीत गुंडाळलंय, निषेध! १९७३-७४, एकूण २२ भाग, आणि १९७५ला त्याला मुलांच्या मालिकेचा डेटाइम एमी मिळाला. मूळ मालिकेला तोवर असा एमी मिळाला नव्हता.

आणि शायमरची काटकसर तिथे अंगाशी येता येता वाचली. पैसे वाचवायला सगळ्या जुन्या नटांना घ्यायचं नाही, निशेल निकल्स आणि जॉर्ज टाकेई यांच्या पात्रांचे आवाज दुसऱ्यांकडूनच काढून घ्यायचे असं ठरत होतं. लेनर्ड निमॉय (स्पॉक) म्हणाला, ते दोघं नसतील तर मीही नाही. मालिकेत वेगवेगळ्या वंशांची माणसं एकत्र काम करतात हाच तिचा गाभा, आणि नेमकी तीच माणसं वगळायची? फिल्मेशनला ऐकावं लागलं. वॉल्टर केनिग (चेकॉव्ह) मात्र बाहेरच राहिला, त्याला एका भागाची पटकथा लिहायला दिली. बाकी येणारेजाणारे परग्रहवासी बऱ्याचदा जेम्स डूहानच्या आवाजात बोलतात. एकदा कळलं की ऐकूच येत राहतं.

पण लेखन पाहा. मूळ मालिकेच्या डी. सी. फॉन्टाना इथे कथा बघत होत्या. चित्रं थिजलेली आहेत पण कथा मोठ्या माणसांच्या. खऱ्या सेटवर जे परग्रह परवडले नसते ते इथे एका रंगवलेल्या पडद्यात उभे राहिले. साठा पद्धत अशा मालिकेला शोभते, कारण यानाच्या नियंत्रणकक्षात माणसं तशीही खुर्चीत बसून बोलतात. :-)

---

विदुला_न

फॅट अल्बर्टबद्दल कोणीच बोलत नाहीये. बिल कॉस्बीचं पुढे काय झालं ते सगळ्यांना माहीत आहे. २०१८ला लैंगिक अत्याचाराच्या खटल्यात दोषी ठरवलं, २०२१ला वरच्या कोर्टाने तो निकाल रद्द केला, पण आरोप करणाऱ्या बायकांची संख्या पाहता... असो. त्या मालिकेचं कौतुक आता कसं करायचं?

---

निळासावळा

अवघड प्रश्न. मालिका कॉस्बीच्या फिलाडेल्फियातल्या बालपणावर बेतलेली, तोच पडद्यावर येऊन बोलतो, त्यामुळे त्याला वेगळं काढताच येत नाही. पण त्यात शे-दीडशे इतर लोकांचंही काम आहे. १९७२ला शनिवार सकाळच्या कार्टूनमध्ये काळी मुलं मुख्य पात्रं म्हणून जवळजवळ दिसतच नव्हती, आणि ही पोरं भंगारातून वाद्यं बनवून वाजवत, घटस्फोट, व्यसन, शाळा बुडवणं यांवर बोलत. एनबीसीला ती मालिका जास्तच शैक्षणिक वाटली, सीबीएसने घेतली आणि ती १९८५पर्यंत या ना त्या रूपात चालली. मी ती बघतो तेव्हा सुरुवातीचं कॉस्बीचं बोलणं पुढे ढकलतो. याहून चांगला तोडगा मला सुचलेला नाही.

---

कायदेपंडित_नव्हे

१९८९ला कुलूप लागलं त्याबद्दल लिहा की. मी एचआरमध्ये आहे आणि फिल्मेशनचं नाव मला हीमॅनमुळे नाही, त्या कुलपामुळे माहीत आहे!

अमेरिकेत 'वॉर्न' नावाचा कायदा आहे. शंभर किंवा जास्त कामगार असलेली कंपनी बंद करायची किंवा मोठी कपात करायची तर साठ दिवस आधी नोटीस द्यावी लागते. (आपल्या १९४७च्या औद्योगिक विवाद कायद्यातही बंदसाठी साठ दिवसांच्या नोटिशीचं कलम होतं.) हा कायदा लागू झाला ४ फेब्रुवारी १९८९ला. फिल्मेशन बंद झालं ३ फेब्रुवारीला. एक दिवस आधी.

---

निळासावळा

हो, तेच लिहिणार होतो. मुळात फिल्मेशन शायमरचं राहिलेलंच नव्हतं. १९६९लाच ते टेलिप्रॉम्प्टर या केबल कंपनीला विकलं गेलं होतं. ती कंपनी पुढे वेस्टिंगहाउसने घेतली. म्हणजे ज्याला आपण मालक समजतो तो वीस वर्षं दुसऱ्याच्या कंपनीचा व्यवस्थापक होता. १९८९ला वेस्टिंगहाउसने फिल्मेशन विकलं ते पॅराव्हिजनला, ज्याच्या मागे लॉरेआल, होय, तीच शांपू-लिपस्टिकवाली फ्रेंच कंपनी. त्यांना हवे होते जुने कार्यक्रम, वाहिन्यांना विकायला. स्टुडिओ, चित्रकार, टेबलं यांचं त्यांना काहीच नको होतं. ज्या साठ्यामुळे माणसांना काम मिळत आलं, शेवटी तो साठाच विकत गेला आणि माणसं बाहेर.

त्याआधीची दोन-तीन वर्षंही काही बरी नव्हती. शीरानंतर १९८६चं घोस्टबस्टर्स, १९८७चं ब्रेव्हस्टार. खेळण्यांचा बाजार थंडावत होता, आणि आशियात काढून घेतलेली कार्टून दिसायला जास्त देखणी होती. आपल्या हीमॅनची थिजलेली माणसं त्यांच्यापुढे जुनाट दिसायला लागली होती.

---

तिरकस_सावंत

म्हणजे ज्यांच्यासाठी एवढा अट्टहास केला त्यांना एका शुक्रवारी घरी पाठवलं. मालकी हातात ठेवली नाही तर असंच होणार. वीस वर्षांत एकदा तरी कंपनी परत विकत घेता आली असती. हीमॅनच्या वर्षी तर नक्कीच.

---

निळासावळा

हीमॅनच्या वर्षी किंमतही हीमॅनएवढी झाली असणार ना सावंत. आणि हीमॅन मॅटेलचा, सुपरमॅन डीसीचा, आर्ची आर्चीवाल्यांचा, स्टार ट्रेक पॅरामाउंटचं. फिल्मेशनचं गाजलेलं जवळजवळ सगळं दुसऱ्याच्या पात्रांवर. स्वतःचं म्हणावं असं थोडंच, त्यातलं ब्रेव्हस्टार उशिरा आलं. निर्माता म्हणून त्याची खरी मर्यादा मला ही वाटते, साठ्यातली चित्रं नाहीत.

---

कांदेपोहे

ते श्रेयनामावलीतलं गोल फिरणारं चक्र आठवतंय का कुणाला? दोन सह्या एकमेकींभोवती फिरायच्या. मला वाटायचं काहीतरी जादूचं चिन्ह आहे.

---

निळासावळा

ते प्रेस्कॉट आणि शायमर! नाव आधी कुणाचं हा प्रश्न सोडवायला दोन्ही सह्या गोल फिरवल्या, म्हणजे पहिलाही कुणी नाही, दुसराही नाही. प्रेस्कॉट ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला बाहेर पडला, त्यामुळे हीमॅनमध्ये शायमरची एकट्याची सही दिसते. तुला चक्र आठवत असेल तर तू टारझन किंवा आर्ची पाहिलं असणार. शायमर १७ ऑक्टोबर २०१३ला गेला, पंच्याऐंशीव्या वाढदिवसाच्या दोन दिवस आधी. शेवटची काही वर्षं पार्किन्सन होता.

---

रेघोट्या

एक भर घालते. फिल्मेशनमध्ये शिकलेल्यांची नावं बघितलीत का? हीमॅनच्या पटकथा लिहिणारा पॉल डीनी. तिथेच लेआउट करणारा ब्रूस टिम. याच दोघांचा मोठा हात असलेलं १९९२चं बॅटमॅनचं कार्टून, ज्याला माझ्या धंद्यातले लोक अजून मान खाली घालून नमस्कार करतात. जे. मायकेल स्ट्राझिन्स्कीही हीमॅन आणि शीराच्या लेखकांतला, पुढे बॅबिलॉन फाइव्ह केलं.

आणि त्या बॅटमॅनची चित्रं कुठे काढली? जपान आणि कोरियात. टीएमएस, सनराइज, डाँग यांग, अकोम. टीएमएस म्हणजे झोरोवालं तेच. सगळ्यात सुंदर भाग कुठल्या स्टुडिओने काढले यावर आम्ही चहाच्या टपरीवर अजून भांडतो.

---

तिरकस_सावंत

मग बॅटमॅनचा वेगळा धागा काढा आणि त्यात मला बोलवा. माझं मत: टीएमएसचे भाग, अकोमचे नकोत.

---

रेघोट्या

अकोमचे नकोत यावर एकमत. :-) रविवारी काढते.